ताई, ते डोळ्यांपुढून जात नाही

मागच्या महिन्यात मुलांच्या झोपेबद्दल लिहिलं होतं. त्यावर आलेली पत्रं उघडत गेले, तर निम्म्याहून जास्त पत्रं झोपेची नव्हतीच. ती होती मोबाइलवरच्या आणि टीव्हीवरच्या मारामारीची. मी २४ वर्षं नाशिकच्या शाळांमध्ये समुपदेशक म्हणून काम करते आहे. आई-बाप समोर बसले की त्यांचा पहिला प्रश्न असतो, "आमचा पोरगा हे बघून बिघडणार तर नाही ना?" "हे बघून त्याला भीती वाटत असेल का?" असं मात्र मला फार थोड्यांनी विचारलंय. या वेळी चार पत्रं निवडली आहेत. ओळख पटू नये म्हणून वयं-गावं थोडी बदलली आहेत.

चिपळूणहून एक आजोबा लिहितात: "रात्री जेवताना आमच्याकडे गुन्ह्यांच्या तपासाची मालिका चालू असते. सौ.ना आणि मला ती आवडते. नात ५ वर्षांची. ती तिथेच भातुकली मांडून बसते, टीव्हीकडे तिचं लक्षही नसतं. पण दोन महिन्यांपासून ती रात्री एकटी मोरीकडे जात नाही. सुटलेली सवय पुन्हा लागली, अंथरूण ओलं करते. सूनबाई म्हणतात टीव्हीमुळे. मुलगा म्हणतो, तिला त्यातलं काय कळतंय? आपलं मत कळवावं."

आजोबा, चिरंजीव म्हणतात ते खरं आहे, तिला त्यातलं काही कळत नाही. आणि म्हणूनच ती घाबरली आहे. खून कोणी केला, का केला, पोलिसांनी कसा शोधला, हा सगळा धागा तुमच्या हातात असतो. शेवटी आरोपीच्या हातात बेड्या पडतात आणि तुम्ही हात धुवायला उठता. तिच्या वाट्याला येतं ते एवढंच: अंधारा जिना, एक किंचाळी, वाढत जाणारं संगीत आणि आजीच्या तोंडून निघालेलं "अगं बाई!" पाठ फिरवून बसली तरी कान उघडेच असतात ना.

अमेरिकेत विस्कॉन्सिन विद्यापीठात जोअ‍ॅन कँटर यांनी मुलांना पडद्यावरच्या कशाकशाची भीती वाटते याचा वर्षानुवर्षं अभ्यास केला. १९८०च्या सुमाराला तिकडे टीव्हीवर एक मालिका होती. त्यातला नायक राग आला की हिरवा, राक्षसासारखा होई आणि लोकांना वाचवी. मोठ्यांना तो भला माणूस वाटायचा. पण बालवाडीच्या वयाची पोरं कशाला घाबरतात असं आई-बापांना विचारलं, तर त्याच मालिकेचं नाव पुन्हा पुन्हा आलं. एवढ्या लहान मुलाला दिसतं तेच खरं असतं. साध्या माणसाचा चेहरा बघता बघता बदलतो, यापलीकडे त्याला काही दिसत नाही. सात-आठ वर्षांनंतर भीतीची जागा बदलते. मग जे खरोखर घडू शकेल, त्याची भीती वाटायला लागते.

म्हणून "ते खोटं असतं गं, लाल रंग असतो तो" हे तुमच्या नातीच्या बाबतीत उपयोगी पडणार नाही. दहा वर्षांच्या मुलाला ते पटतं. पाच वर्षांच्या मुलीला लागतो तो हात. तिच्याबरोबर मोरीपर्यंत जा, दाराबाहेर उभे राहा आणि बोलत राहा, म्हणजे आवाज ऐकू येईल. बारका दिवा रात्रभर चालू ठेवा. ओल्या अंथरुणाबद्दल कोणाही पाहुण्यासमोर चकार शब्द नको, आणि "पोलिसाला देईन"सुद्धा नको. एकदा डॉक्टरांकडून लघवी तपासून घ्या. जंतुसंसर्ग असला की हाच त्रास होतो, आणि आपण उगाच टीव्हीला दोष देत बसतो.

मालिका तुम्ही बघा, नातीला झोप लागल्यावर. पण एक विचारते, रागावू नका. पत्राच्या शेवटी तुम्ही लिहिलंय की हल्ली दाराला तिसरी कडी बसवली आणि दूधवाल्याला आत घेत नाही. गल्लीत काही घडलंय का? जॉर्ज गर्बनर नावाच्या अभ्यासकानं १९७०च्या दशकात दाखवून दिलं होतं की, जी माणसं टीव्हीसमोर जास्त वेळ बसतात त्यांना बाहेरचं जग आहे त्याहून जास्त धोक्याचं वाटायला लागतं. तो मोठ्या माणसांबद्दलच बोलत होता. नात तुमच्याकडे बघून ठरवते आहे की रात्र किती भीतीची आहे.

कऱ्हाडहून एक आई लिहितात: "मुलगा ११ वर्षांचा, सहावीत. दिवसभर तो बंदुकीचा गेम. कानाला हेडफोन आणि तोंडात 'मार त्याला, डोक्यात मार.' परवा जेवायला पाच वेळा हाक मारली, उठला नाही. मी त्याच्या हातातून फोन ओढून घेतला तसा त्यानं रिमोट फेकला, तो धाकटीच्या कपाळाला लागला. दोन टाके पडले. शेजारच्या काकू म्हणाल्या, गेमनं पोरगं हातचं गेलं. मिस्टरांनी त्याला पट्ट्यानं मारलं. मला रात्रभर झोप नाही. तो पुढे खरंच कोणाचा जीव घेईल का?"

ताई, नाही. आधी हे उत्तर घ्या आणि पाणी प्या.

तुमचं पत्र मी दोनदा वाचलं. पहिल्यांदा मला फक्त टाके दिसले. दुसऱ्यांदा एक वाक्य नजरेत भरलं: "हातातून फोन ओढून घेतला तसा."

१९६१ साली स्टॅनफर्ड विद्यापीठाच्या बालवाडीत अल्बर्ट बांदुरा यांनी ७२ मुलांवर एक प्रयोग केला. मुलं साधारण ३ ते ६ वर्षांची. ढकललं तरी पुन्हा उभी राहणारी, हवा भरलेली एक मोठी बाहुली होती. काही मुलांसमोर एका मोठ्या माणसानं तिला ठोसे मारले, लाकडी हातोडीनं बडवलं. काहींसमोर मोठं माणूस शांतपणे दुसरी खेळणी जुळवत बसलं. काहींना काहीच दाखवलं नाही. नंतर ज्यांनी मारताना पाहिलं होतं, त्यांनी बाहुलीला अगदी तसंच, तेच शब्द बोलत मारलं. इथपर्यंतची गोष्ट बऱ्याच जणांना माहीत असते. मधला भाग सहसा कोणी सांगत नाही. बाहुलीच्या खोलीत नेण्याआधी या सगळ्या मुलांना छान छान खेळणी दिली होती, आणि ती खेळण्यात रमल्यावर "ही दुसऱ्या मुलांसाठी आहेत" म्हणून काढून घेतली होती. म्हणजे मुलं आत गेली तीच चिडलेली. राग आला खेळणं काढून घेतल्यामुळे. तो कसा काढायचा, ते पाहण्यातून आलं होतं.

तुमच्या घरात तेच झालं. अशा गेमचा एक डाव वीस-पंचवीस, कधी तीस मिनिटं चालतो. चार मुलं एका गटात असतात. मधून उठलं की गट हरतो आणि दुसऱ्या दिवशी शाळेत बोलणी खावी लागतात. म्हणजे तुम्ही पाचव्या हाकेला फोन ओढलात, तेव्हा त्याच्या लेखी तीन मित्रांना तोंडघशी पाडलंत. याचा अर्थ रिमोट फेकणं माफ, असा मुळीच नाही. पण राग कुठून आला ते कळल्याशिवाय तो थांबवणार कुठे?

आता काकूंच्या वाक्याबद्दल. अमेरिकेतली मानसशास्त्रज्ञांची सर्वांत मोठी संघटना या विषयावर वर्षानुवर्षं वाद घालत आली आहे. २०२० मध्ये तिनं स्पष्ट केलं की, हिंसक गेममुळे माणूस खरोखरचा हिंसाचार करतो असं म्हणायला पुरेसा पुरावा नाही. आरडाओरडा, ढकलाढकली अशा आक्रमक वागण्याशी मात्र थोडा संबंध दिसतो. त्याआधी २०१९ मध्ये ऑक्सफर्डच्या अभ्यासकांनी ब्रिटनमधल्या १४-१५ वर्षांच्या हजाराहून थोड्या जास्त मुलांची पाहणी केली. मुलं कसे गेम खेळतात ते त्यांनी मुलांना विचारलं, मुलं कशी वागतात ते पालकांना विचारलं. हिंसक गेम आणि आक्रमक वागणं यांचा संबंध त्यांना आढळला नाही. दुसऱ्या बाजूलाही अभ्यास आहेत. शिकागो भागातल्या ५५७ मुलांची १९७७ मध्ये नोंद घेतली होती. पंधरा वर्षांनी त्यांतली ३२९ पुन्हा सापडली. लहानपणी टीव्हीवर खूप मारामारी पाहिलेली मुलं मोठेपणीही जास्त आक्रमक निघाली. त्यातही जास्त परिणाम दिसला तो 'मी त्या हिरोसारखाच आहे' आणि 'हे असंच खरं असतं' असं मानणाऱ्या मुलांवर.

मला स्वतःला विचाराल तर माझं लक्ष या शेवटच्या गोष्टीकडे जातं. तो पडद्यावरच्या कोणाला 'मी' म्हणतो, आणि त्याला ते किती खरं वाटतं? हे गेम बंद करून कळत नाही. त्याच्याजवळ बसून कळतं.

आमच्या लहानपणी, १९८७ साली, दूरदर्शनवर रविवारी सकाळी रामायण सुरू झालं, तेव्हा आमच्या संगमनेरच्या वाड्यात एकाही खराट्याचे हीर जागेवर राहिले नव्हते. सगळ्यांचे बाण! माझ्या भावाचा बाण शेजारच्या बंड्याच्या भुवईखाली लागला. अर्धा इंच खाली लागला असता तर डोळाच गेला असता. आईनं धनुष्य मोडून चुलीत घातलं. दोन दिवसांत दुसरं तयार झालं. मग दादा, म्हणजे आमचे वडील, ओट्यावर त्याच्याजवळ बसले आणि प्रत्येक बाणाच्या टोकाला कापूस ठेवून वर दोरा गुंडाळायला त्यालाच लावलं. एकवीस बाण होते. त्या वेळात दादा त्याला काय काय विचारत होते: तुला कोण व्हायचं असतं? बंड्याला नेहमी राक्षसच का करता? बंड्याच्या मनात काय येत असेल? सगळ्या बाणांना कापूस लावून होईपर्यंत संध्याकाळ झाली होती. पुढे पेरूच्या झाडावर नेम धरायची परवानगी होती, माणसावर नाही. मला वाटतं भाऊ तेव्हा जे शिकला ते त्या दोऱ्यामुळे.

म्हणून तुम्हाला हे सांगते. एक दिवस त्याच्या शेजारी बसून त्याला म्हणा, मला हा गेम शिकव. खोटंखोटं नको, खरंच शिका. वेळ मिनिटांत ठरवू नका, डावांत ठरवा: "दोन डाव, मग जेवण." दुसरा डाव सुरू होण्याआधी सांगा, मधे नको. त्याने जन्मवर्ष कोणतं टाकलंय ते बघा. मुलं सर्रास मोठं वय टाकतात आणि लहानांसाठीच्या मर्यादा चुकवतात. रात्री फोन तुमच्या खोलीत राहू द्या. तुमचा आणि मिस्टरांचाही तिथेच. आणि धाकटीचे टाके काढायला जाल तेव्हा त्याला बरोबर न्या. त्यानं तिचा हात धरावा, एवढंच. भाषण नको.

एक गोष्ट मिस्टरांना वाचून दाखवा. या आठवड्यात तुमच्या मुलानं सर्वांत जवळून पाहिलेली मारहाण पडद्यावरची नव्हती. चिडलेलं मोठं माणूस पट्टा उचलतं, हे त्यानं अंगावर घेऊन पाहिलंय. हे मी दुखावण्यासाठी लिहीत नाही. धाकटीचं रक्त बघून बापाचा तोल गेला असणार, ते मला समजतं. पण तो पट्टा पुन्हा निघू नये.

गेमसाठी शाळा बुडते, जेवण सुटतं, मित्र तुटतात आणि हे महिनोन्महिने चालतं, असं झालं तर मात्र मानसोपचारतज्ज्ञांना दाखवा. जागतिक आरोग्य संघटनेनं २०१९ मध्ये गेमिंगचा विकार आजारांच्या यादीत घेतला आहे. बंगळुरूच्या निम्हान्स या मानसिक आरोग्याच्या संस्थेत तर २०१४ पासून यासाठी वेगळा दवाखाना आहे. तुमच्या पत्रावरून मला तसं काही वाटत नाही.

पुणे जिल्ह्यातून एक शिक्षक लिहितात: "आठवीच्या तीन मुलांनी शेतातला कोयता हातात घेऊन सिनेमातल्या डायलॉगवर रील केलं. त्याला खूप लाइक मिळाले, आता बाकीचीही करायला लागली. परिपाठाला पुढे उभं करून समज द्यावी का? की थेट पोलिसांना कळवावं?"

सर, परिपाठाला उभं करू नका. ती त्यांच्यासाठी आणखी एक रील होईल, यावेळी सगळी शाळा बघणार. वर ज्या बांदुरांचा उल्लेख आला, त्यांनी नंतर असंही पाहिलं की मारणाऱ्याला शिक्षा झालेली दाखवली, तर मुलं नक्कल कमी करतात. पण तसं करून दाखवणाऱ्याला बक्षीस ठेवलं, की त्याच मुलांना सगळं जसंच्या तसं येत असतं. शिकलेली सगळीच असतात, बक्षिसाची वाट बघत असतात. इथे लाइक हे बक्षीस आहे. तिघांना वेगवेगळं बोलवा, तिघांच्या घरच्यांना एकत्र. रील स्वतःच्या हातानं काढायला लावा. कोणाला धमकी दिलेली नसेल, कोणाचं नाव घेतलेलं नसेल तर पोलीस ठाण्याची पायरी आठवीतल्या मुलाला दाखवायची घाई नको. धमकी असेल तर मात्र मुख्याध्यापकांनी लपवू नये.

पालकसभेत सिनेमाच्या प्रमाणपत्राबद्दल जरूर सांगा. २०२४ च्या अखेरीपासून यूए (म्हणजे मुलांनी पालकांच्या मार्गदर्शनाखाली बघायचा) या एका शिक्क्याचे ७+, १३+ आणि १६+ असे तीन भाग झाले आहेत. १६+ असेल तर पालकांनी विचार करून ठरवायचं असतं, आणि 'ए' असेल तर १८ वर्षांखालच्याला प्रवेशच नसतो. पण तो सिनेमा मोबाइलवर आला की तिकीट तपासणारा कोणी नसतो, हेही सांगा. ओटीटीवर पालकांसाठी लॉकची सोय असते. ते लॉक घालायला सभेतच प्रत्येकाच्या फोनवर शिकवा. अर्धा तास लागेल.

लातूरहून एक मुलगा लिहितो: "ताई, मी १६ वर्षांचा, अकरावी सायन्सला आहे, नीटची तयारी करतो. गाव नांदेडकडं. चौघं खोली करून राहतो. फोन बाबांनी क्लाससाठी घेऊन दिला. आमच्या ग्रुपवर एकानं व्हिडिओ टाकला. खरा होता. रस्त्यावर एका माणसाला पाच-सहा जण मारत होते, तो मेला. सगळे हसले, कोणी तरी त्याच्यावर जोक केला, मी पण हसलो. त्याला पंधरा दिवस झाले. त्या माणसाची एक चप्पल निघून बाजूला पडली होती. निळ्या पट्ट्याची. तशीच माझ्या बाबांची आहे. मेसमध्ये ताट समोर आलं की ती चप्पल दिसते. पुस्तक उघडलं की दिसते. ताई, ते डोळ्यांपुढून जात नाही. मी तर तिथं नव्हतो, मला काहीच झालं नाही, मग असं का होतंय? आणि मी हसलो, म्हणजे माझ्यात काही बिघाड आहे का?"

बाळा, तुझं पत्र आल्यावर मी बाकीची पत्रं बाजूला ठेवली होती.

आधी तुझ्या 'मी तर तिथं नव्हतो' बद्दल. एप्रिल २०१३ मध्ये अमेरिकेत बोस्टनला मॅरेथॉन शर्यतीत बॉम्बस्फोट झाले. पुढच्या काही आठवड्यांत अभ्यासकांनी ४,६७५ प्रौढ माणसांना त्यांना होणाऱ्या त्रासाबद्दल विचारलं. स्फोटानंतरच्या आठवड्यात जे रोज ६ तास किंवा जास्त वेळ त्याच बातम्या नि तीच दृश्यं बघत होते, त्यांचा ताण स्फोटाच्या जागी असलेल्यांपेक्षाही जास्त निघाला. मोठ्या, कमावत्या माणसांचं हे. तेव्हा तू तिथं नव्हतास म्हणून तुला त्रास होता कामा नये, असा काही नियम नाही. तू एक खरा मृत्यू पाहिलास. ज्याला तू ओळखत नव्हतास त्या माणसाच्या पायात तुला तुझ्या बाबांची चप्पल दिसली. त्यानंतर घास उतरला नाही, यात नवल ते काय?

सिनेमातल्या मारामारीत आपल्याला आधी कळतं की हा व्हिलन आहे, हा मरणार आहे. मनाची तयारी होते, गोष्ट पुढे जाते, संपते. या व्हिडिओला ना आधी काही होतं ना नंतर. तो माणूस कोण, त्याच्या घरचे कुठं आहेत, मारणाऱ्यांचं काय झालं, काहीच नाही. अर्धवट राहिलेलं गणित जसं डोक्यात घोळत राहतं, तसं मन त्या दृश्याकडे परत परत जातं. दिवसाला दहा वेळा चप्पल दिसणं म्हणजे वेड लागणं नव्हे. बहुतेकांचं हे काही आठवड्यांत आपोआप विरळ होत जातं.

आता हसण्याबद्दल. तुला हेच जास्त टोचतंय, म्हणूनच पत्रात ते शेवटी लिहिलंस. चार पोरं एका खोलीत आहेत, एकजण हसतो, दुसरा हसतो. जो हसणार नाही तो 'भित्रा' ठरणार. त्या क्षणी तुझ्याही छातीत धडधडलं असेल आणि ते लपवायला हसू हेच सगळ्यात हाताशी होतं. खात्रीनं सांगते, त्या चौघांत रात्री जागा असणारा तू एकटा नाहीस. बाकीचे पत्र लिहीत नाहीत, एवढंच.

पण सवय ही खरी गोष्ट आहे, तीही तुझ्यापासून लपवत नाही. १९७४ मध्ये अमेरिकेत तिसरी-चौथीच्या मुलांवर एक प्रयोग झाला. काहींना मारामारीचा सिनेमा दाखवला, काहींना नाही. मग त्यांना सांगितलं, दुसऱ्या खोलीतल्या लहान मुलांवर लक्ष ठेवा, काही गडबड झाली तर मोठ्यांना बोलवा. ती लहान मुलं भांडायला, मारायला लागली. सिनेमा पाहून आलेल्या मुलांनी मोठ्यांना हाक मारायला जास्त वेळ लावला. ती मुलं दुष्ट झाली नव्हती. 'एवढंच तर आहे' ही त्यांची रेघ थोडी वर सरकली होती. असे व्हिडिओ रोज बघितले तर ती रेघ तुझीही सरकेल. आज ती जागेवर आहे, म्हणून तुला झोप नाही.

आणखी एक सांगते, कारण ते आपल्याच महाराष्ट्रात घडलं. १ जुलै २०१८, धुळे जिल्ह्यातलं राईनपाडा. मुलं पळवणारी टोळी आली, असे मेसेज आणि व्हिडिओ त्या दिवसांत सगळीकडे फिरत होते. त्यांतला एक व्हिडिओ तर कराचीतला होता, मुलांच्या सुरक्षिततेबद्दल लोकांना जागं करायला बनवलेला, शेवटचा भाग कापून फिरवलेला. आठवडी बाजाराच्या दिवशी नाथपंथी डवरी गोसावी समाजातली, भिक्षा मागत फिरणारी पाच माणसं गावात आली होती. जमावानं पाचही जणांना मारून टाकलं. आणि त्या मारहाणीचेही व्हिडिओ झाले, तेही फिरले. त्याच महिन्यात व्हॉट्सअ‍ॅपनं भारतात एक मेसेज एका वेळी पाचच ठिकाणी पुढे पाठवता येईल अशी मर्यादा घातली. तू तो व्हिडिओ पुढे पाठवलास का, हे लिहिलेलं नाहीस. पाठवला असशील तर ज्याला पाठवला त्याला एक ओळ लिही, "तो डिलीट कर, मी पाठवायला नको होता." नसशील पाठवला, तर तो तुझ्या फोनवर थांबला, ही छोटी गोष्ट नाही.

आता आजपासून काय करायचं. व्हिडिओ गॅलरीत असेल तर काढून टाक. 'एकदा बघून भीती घालवतो' म्हणून पुन्हा उघडू नकोस. पुष्कळ मुलं तसं करतात आणि चित्र अजून ठसठशीत होतं. व्हॉट्सअ‍ॅपच्या सेटिंगमध्ये 'स्टोरेज अँड डेटा' आहे. तिथं फोटो-व्हिडिओ आपोआप उतरणं बंद कर. ग्रुप सोडायची हिंमत नसेल तर सध्या म्यूट कर, चालेल.

चप्पल दिसायला लागली की तिला ढकलत बसू नकोस. हातांना आणि डोळ्यांना काम दे. २००९ मध्ये ऑक्सफर्डमध्ये काही जणांना अपघातांची भयंकर दृश्यं दाखवली. अर्ध्या तासानं त्यांतल्या काहींना १० मिनिटं टेट्रिस खेळायला दिला, तो वरून पडणारे ठोकळे जुळवायचा जुना गेम. पुढच्या आठवड्यात या लोकांना ती दृश्यं इतरांपेक्षा कमी वेळा आठवली. मनाचा जो भाग चित्र धरून ठेवतो, तोच ठोकळे फिरवण्यात गुंतला होता. तुझ्या बाबतीत पंधरा दिवस होऊन गेलेत, तेव्हा हा हमखास उपाय आहे असं मी म्हणणार नाही. पण माझ्याकडे येणाऱ्या मुलांना मी रूबिक क्यूब देते, नाहीतर वहीवर ठिपके काढून रांगोळी जोडायला लावते. तू बायोलॉजीच्या आकृत्या काढ. हृदयाची काढ, कप्पे रंगव, नावं दे. करून बघ.

बाबांना फोन कर. व्हिडिओचं सांगवत नसेल तर नको सांगूस. नुसतं विचार, "बाबा, जेवलात का? कुठं आहात?" त्यांचा आवाज ऐकू दे कानाला. आणि खोलीतल्या तिघांपैकी जो तुला बरा वाटतो, त्याला एकट्याला गाठून म्हण, "यार, मला तो व्हिडिओ सोसला नाही." तो काय म्हणतो ते मला ऐकायचं आहे.

अजून दोन आठवड्यांनीही असंच राहिलं, झोप येईना, अभ्यास होईना, किंवा जीव नकोसा वाटला, तर थांबायचं नाही. जीव नकोसा वाटला तर दोन आठवडेही नाहीत, त्याच क्षणी. १४४१६ हा टेली-मानस या मानसिक आरोग्याच्या मदतवाहिनीचा नंबर आहे, सरकारी, पैसे लागत नाहीत, रात्री तीन वाजतासुद्धा लागतो आणि मराठीत बोलता येतं. १०९८ हा मुलांसाठीचा नंबर आहे. तू १८ च्या आत आहेस, तो तुझाही आहे. लातूरला शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाचं रुग्णालय आहे. तिथं मानसोपचार विभागात केसपेपर काढून दाखवता येतं. बरोबर मोठं कोणी तरी असावं. क्लासमधल्या ज्या सरांना किंवा मॅडमना तू शंका विचारतोस, त्यांना विचार. मेसच्या ज्या मावशींनी दोनदा विचारलं असं तू लिहिलंस, "पोरा, ताट तसंच का?", त्यांनाही विचारता येईल. त्या आल्यासुद्धा तर मला नवल वाटणार नाही.

कोणाला तरी सांगितलंस की मला कळव. नाव नको, गाव नको. पोस्टकार्डावर 'सांगितलं' एवढा एक शब्द पुरे, मी ओळखेन.